अधिकारपद आणि परमार्थ

तंत्रज्ञान कंपनीच्या प्रमुखपदी बसलेल्या माणसाच्या आयुष्यातून धर्मविचारापुढे एक जुना प्रश्न नव्याने उभा राहतो. हजारो माणसे ज्याच्या शब्दावर राबतात आणि ज्याने ठरवलेले यंत्र कोट्यवधींच्या हाती पडते, त्याच्या कर्माचा कर्ता नेमका कोण? निर्णय संचालक मंडळाचा असतो, पैसा भागधारकांचा, काम अभियंत्यांचे आणि वापर गिऱ्हाइकाचा. एवढ्या हातांतून गेलेल्या कर्माचे पापपुण्य कोणाच्या पदरी पडते? अशा पदावर राहून परमार्थ साधतो, की पद सोडल्याखेरीज गत्यंतर नाही? मराठी परंपरेत या प्रश्नाची दोन उत्तरे आहेत. एक पद सोडायला सांगते, दुसरे पदावर राहून फळाचा लोभ सोडायला सांगते. अठराव्या शतकात ही दोन्ही उत्तरे जगून दाखवणारी माणसे पेडण्याच्या परिसरातच जन्मली.

तेरेखोल नदीकाठचे बांदे आज सिंधुदुर्ग जिल्ह्यात मोडते आणि त्याला लागून असलेले पेडणे गोव्यात. तेव्हा हा सगळा मुलूख सावंतवाडीकर भोसल्यांचा होता. डिचोली पोर्तुगिजांकडे गेली ती १७८१ मध्ये आणि पेडणे १७८८ मध्ये. या दोघांतले पद सोडणारे संत सोहिरोबानाथ अंबिये यांचा जन्म १७१४ चा, बांद्याचा. घरात कुलकर्णीपद होते. गावच्या जमिनीची नोंद, वसुली, थकबाकी, सरकारात पाठवायचा ताळेबंद हे सारे कुलकर्ण्याच्या लेखणीतून जाई. एका अक्षराने कोणाचे शेत वाचे, कोणाचे जाई. राज्यकर्ता दूर होता. रयतेला रोज दिसणारी सत्ता कुलकर्ण्याच्या दप्तरात होती. त्या काळी माहितीवर हुकूमत चालवणारा माणूस शोधायचा झाला, तर तो हाच.

परंपरा सांगते की सावंतवाडी दरबारचे बोलावणे आल्यामुळे सोहिरोबा घाईने निघाले. इन्सुलीच्या रानात ते फणस खायला बसले असताना एक नाथपंथी साधू पुढे आला आणि त्याने गरे मागितले. ते गहिनीनाथ होते, असे पंथ मानतो. त्या भेटीनंतर सोहिरोबांनी कुलकर्णीपण सोडले. 'सिद्धान्तसंहिता', 'महदनुभवेश्वरी', 'अक्षयबोध', 'पूर्णाक्षरी' आणि 'अद्वयानंद' हे त्यांचे ग्रंथ. त्यांची पदे आजही गोव्यातल्या आणि तळकोकणातल्या भजनांत म्हटली जातात. साठीच्या सुमारास ते घर सोडून उत्तरेकडे गेले आणि १७९२ मध्ये उज्जैनला त्यांचा प्रवास संपला. पेडणे तालुक्यातल्या विर्नोड्याच्या शासकीय महाविद्यालयाला आज त्यांचे नाव आहे.

त्याच मुलखातले दुसरे आयुष्य जिवबादादा केरकरांचे. पेडणे महालातल्या केरीचा हा माणूस महादजी शिंद्यांच्या फौजेचा बक्षी झाला. बक्षी म्हणजे सैन्याची हजेरी, पगार, सरंजाम यांचा धनी, आणि वेळ पडली तर रणांगणावरचा सेनापतीही. शिंद्यांची ही फौज त्या काळच्या हिंदुस्थानात तंत्राने सर्वांत पुढारलेली होती. द बॉइन या परदेशी सेनानीने कवायती पलटणी उभ्या केल्या होत्या आणि आग्र्याला तोफा ओतण्याचा कारखाना चालू होता. १७८८ मध्ये गुलाम कादिरने बादशहा शाह आलमचे डोळे काढल्यावर दिल्ली परत घेणाऱ्या मराठी फौजांत जिवबादादा होते, आणि १७९५ मध्ये खर्ड्याच्या लढाईत शिंद्यांच्या सैन्याचे नेतृत्व त्यांच्याकडे होते. पुढच्याच वर्षी ते वारले. नवे तंत्र, परदेशी तज्ज्ञ, अवाढव्य खर्च आणि दूरवर बसलेला धनी या सगळ्यांचा मेळ घालत त्यांची हयात गेली. आजच्या उद्योगप्रमुखाला हे आयुष्य परके वाटू नये.

सोहिरोबानाथ उत्तरेत गेले तेव्हा त्यांची महादजींशी भेट झाली आणि राजाश्रयाला त्यांनी निःस्पृहपणे पाठ दाखवली, ही कथा प्रसिद्ध आहे. महादजी स्वतः पदे रचत. त्यामुळे हा प्रसंग सत्ता आणि विरक्ती यांच्या सामन्यासारखा सांगितला जातो आणि त्यात विरक्तीचा जय ठरलेला असतो. ही मांडणी अपुरी आहे. सोहिरोबांनी दप्तर खाली ठेवले म्हणून बांद्याचे दप्तर बंद पडले नाही. ते दुसऱ्या कोणाच्या हाती गेले. जो सोडतो तो स्वतः मोकळा होतो, पण पद रिकामे राहत नाही. तिथे बसणारा दुसरा माणूस कसा वागेल, हा प्रश्न संन्यासाने सुटत नाही. पद सोडण्याचा मार्ग खरा आहे, पण तो एका माणसापुरता. ज्यांना पदावर बसावेच लागते त्यांच्यासाठी परंपरेला दुसरे काही सांगावे लागले.

ते गीतेत आहे. तिसऱ्या अध्यायात जनकाचे उदाहरण येते. राज्य करता करता सिद्धी मिळालेला राजा. लोकसंग्रहासाठी कर्म करावे, हे तिथे सांगितले आहे. ज्ञानेश्वरांपासून विनोबांपर्यंत मराठीत गीतेचे जे चिंतन झाले त्यात या मुद्द्यावर सर्वांत आग्रही टिळक. मंडालेच्या तुरुंगात लिहिलेले आणि १९१५ मध्ये छापले गेलेले 'गीतारहस्य' कर्मसंन्यासापेक्षा कर्मयोग श्रेष्ठ असल्याचे ठासून मांडते. आधुनिक महाराष्ट्रातल्या कितीतरी उद्योजकांनी, अभियंत्यांनी आणि प्रशासकांनी आपल्या धडपडीला याच विचारात आधार शोधला. फळाची अपेक्षा न ठेवता काम करत राहावे, हे वाक्य त्यांच्या सत्कार समारंभांत हमखास ऐकू येते.

इथेच घसरण्याची जागा आहे. फळाचा त्याग म्हणजे फळाकडे पाठ फिरवणे, असा सोयीचा अर्थ अधिकाऱ्याला लावता येतो. कंपनीचा नफा वाढला की तो आपल्या दूरदृष्टीचा. नुकसान झाले, माणसे देशोधडीला लागली, की ते बाजाराच्या परिस्थितीचे. श्रेयाला कर्ता हजर असतो आणि अपश्रेयाच्या वेळी कर्म निष्काम होते. गीतेचा उपदेश याच्या नेमका उलट दिशेने जातो. तिथे सोडायची आहे ती फळावरची मालकी. आपल्या हातून घडलेल्याचे उत्तर देण्याची जबाबदारी कुठेही सोडायला सांगितलेली नाही. अर्जुनाला युद्ध करायला सांगणारा कृष्ण त्याला रथातून उतरून छावणीतून हुकूम पाठवायला सांगत नाही. जो लढतो तो शत्रूसमोर उभा असतो आणि आपल्या बाणांनी पडलेल्यांचे चेहरे पाहतो.

अठराव्या अध्यायात कर्माची पाच कारणे सांगितली आहेत: अधिष्ठान, कर्ता, निरनिराळी करणे, निरनिराळ्या चेष्टा आणि पाचवे दैव. हे विश्लेषण आधुनिक उद्योगाला विलक्षण चपखल बसते. जागा, भांडवल आणि कायद्याची चौकट हे अधिष्ठान; यंत्रे आणि संगणकप्रणाली ही करणे; असंख्य कर्मचाऱ्यांची कामे या चेष्टा; बाजार, पाऊसपाणी, युद्धे, साथी हे दैव. या पाचांत कर्ता एकच आहे आणि तो एकमेव कारण नाही. आपणच सगळे केले असे मानणाऱ्याची बुद्धी अपुरी, असे गीता पुढे लगेच म्हणते. हा श्लोक कंपनीप्रमुखांच्या गौरवग्रंथांना लागू पडतो. पण यादीतून कर्ता वगळलेलाही नाही. बाकीची चार कारणे मोजून कर्त्याला मोकळे सोडण्याची मुभा कुठेच नाही. अहंकार नसलेल्याला कर्म बांधत नाही, हा त्यापुढचा श्लोक सर्वांत धोक्याचा आहे; कारण स्वतःला अहंकार नाही असे म्हणणे हाच अहंकाराचा सर्वांत सोयीचा प्रकार असतो. ती कसोटी दुसऱ्याने लावायची असते, आणि ती लावण्याचे साधन म्हणजे उघडा ठेवलेला हिशेब.

कथांनी हा मुद्दा शास्त्रकारांपेक्षा नेमका पकडला. मंगळवेढ्याचे दामाजीपंत बेदरच्या बादशहाचे अंमलदार. दुष्काळात त्यांनी सरकारी धान्याची कोठारे भुकेल्यांसाठी उघडली. मालकाच्या मालावर हात टाकण्याचा हा गुन्हा त्यांनी उघडपणे केला आणि शिक्षेसाठी ते बेदरकडे निघाले. मग विठोबाने महाराच्या वेशात जाऊन रकमेचा भरणा केला, असे कथा सांगते. कथेतला चमत्कार बाजूला ठेवला तरी दामाजीपंतांचे चालत जाणे उरते. महाभारताच्या शांतिपर्वातला तुलाधार हा काशीचा वाणी. केसांत पाखरांनी घरटी करेपर्यंत निश्चल उभ्या राहिलेल्या जाजली ऋषीला धर्म शिकण्यासाठी त्याच्याकडे जावे लागते. तुलाधाराची तागडी सर्वांसाठी सारखी, आणि जिवांना इजा पोचवणारा व्यवहार त्याला मान्य नाही. व्यापार करता करता तो ज्ञानी झाला, कारण कोणता व्यापार करायचा नाही हे त्याने ठरवले होते.

मराठी माणसांत तंत्रज्ञानाच्या नेतृत्वाचे आणि अध्यात्माचे नाते उघडपणे सांगणारे ठळक नाव डॉ. विजय भटकर यांचे. त्यांनी चालवलेली मुख्य संस्था बाजारातली कंपनी नव्हती, सरकारने स्थापन केलेली होती. तरी प्रमुखपणाचा प्रश्न तिथे तितकाच खरा होता. अकोला जिल्ह्यातल्या मुरंबा या लहान गावात ११ ऑक्टोबर १९४६ रोजी त्यांचा जन्म झाला. नागपूरच्या अभियांत्रिकी महाविद्यालयातून पदवी, बडोद्यातून पदव्युत्तर शिक्षण आणि १९७२ मध्ये दिल्लीच्या आयआयटीतून डॉक्टरेट. पुढे त्रिवेंद्रमच्या इलेक्ट्रॉनिक्स संशोधन आणि विकास केंद्राचे संचालकपद. ऐंशीच्या दशकात अमेरिकेने अतिवेगवान संगणक देताना हात आखडता घेतला. हवामानाच्या अंदाजासाठी क्रे कंपनीचा एक लहान संगणक कडक अटींवर मिळाला, पण तेवढ्याने देशाची गरज भागणार नव्हती. अण्वस्त्रांच्या आणि क्षेपणास्त्रांच्या गणितासाठी तोच संगणक वापरता येतो, ही अमेरिकेची शंका होती. त्यातून १९८८ मध्ये पुण्यात प्रगत संगणन विकास केंद्र, म्हणजे सी-डॅक, सुरू झाले आणि भटकर त्याचे पहिले कार्यकारी संचालक झाले.

देशातच अतिवेगवान संगणक उभा करायचा; मुदत ३ वर्षांची आणि खर्च सुमारे ३० कोटी रुपयांचा, असे आधीच बांधून घेतले होते. एकच प्रचंड वेगवान प्रक्रियक बनवणे भारताच्या आवाक्यात नव्हते. म्हणून बाजारात मिळणारे इनमॉस कंपनीचे ट्रान्सप्युटर एकमेकांना जोडून, एकाच गणिताचे तुकडे करून ते सर्वांवर एकाच वेळी सोडवण्याची समांतर पद्धत निवडली गेली. १९९१ मध्ये परम ८००० तयार झाला आणि पुढे त्याची निर्यातही झाली. १९९८ मध्ये परम १०००० आला. त्याच संस्थेच्या जिस्ट गटाने देवनागरीसह भारतीय लिप्या संगणकावर आणल्या, आणि भारतीय लिप्यांच्या संकेतांचे इस्की हे प्रमाण १९९१ मध्ये मान्य झाले. सी-डॅक सोडल्यानंतर भटकरांनी घरोघरी शिक्षण पोचवण्याच्या ईटीएच या उपक्रमात आणि इतर शिक्षणसंस्थांत लक्ष घातले. विज्ञान भारतीचे ते राष्ट्रीय अध्यक्ष होते आणि २०१७ मध्ये नालंदा विद्यापीठाचे कुलपती झाले. महाराष्ट्रभूषण, २००० मध्ये पद्मश्री आणि २०१५ मध्ये पद्मभूषण हे सन्मान त्यांना मिळाले.

विज्ञान आणि अध्यात्म यांचा संगम हा त्यांच्या व्याख्यानांचा कायमचा विषय. आधुनिक विज्ञान आणि वेदान्त एकाच सत्याकडे जातात, या दाव्यावर मतभेद होणारच, आणि वैज्ञानिकांपैकी पुष्कळांना तो पटत नाही. परंतु धर्मविचाराच्या दृष्टीने त्यांच्या कारकिर्दीतली अधिक वजनाची गोष्ट व्यासपीठावर घडलेली नाही. किती वर्षे, किती पैसे, काय उभे राहील, हे आधी सांगून त्या शब्दाला बांधून घेणे हे कर्मयोगाच्या प्रवचनांपेक्षा कर्मयोगाच्या जवळचे आहे. अशा बांधिलकीत कर्ता स्वतःला लपवू शकत नाही. काम फसले असते तर ते कोणाचे फसले, हे साऱ्या देशाला ठाऊक असते.

फळाची गोष्ट मात्र याहून अवघड. परमसारखे यंत्र पावसाचा अंदाज बांधते, तेलाचे साठे शोधायला मदत करते, औषधांच्या रेणूंची गणिते सोडवते. शस्त्रांच्या गणितालाही ते उपयोगी पडते. ते बनवणाऱ्या प्रमुखाच्या हातात त्याचा पुढचा सारा वापर नसतो. लिप्यांचे काम करणाऱ्यांनाही आपल्या प्रमाणावर पुढे कायकाय लिहिले जाईल याची कल्पना असणे शक्य नव्हते. इतक्या लांब पसरणाऱ्या फळाबद्दल मालकी सांगणे जसे खोटे, तसे सगळे उत्तरदायित्व एकट्याच्या माथी मारणेही अन्यायाचे. जे दिसत होते, जे विचारून कळू शकले असते आणि जे सांगूनही ऐकले गेले नाही, तेवढ्याचा जाब विचारता येतो. ही मर्यादा आखणे हेच या विषयातले कष्टाचे काम आहे.

बोइंग ७३७ मॅक्स विमानाच्या प्रकरणात ही मर्यादा उघड्यावर आली. २०१८ आणि २०१९ मध्ये दोन विमाने पडली आणि ३४६ माणसे गेली. विमानाचे नाक आपोआप खाली नेणारी संगणकप्रणाली एकाच संवेदकाच्या चुकीच्या नोंदीवर चालत होती आणि वैमानिकांना तिची नीट माहिती दिलेली नव्हती. कंपनीच्या प्रमुखाला डिसेंबर २०१९ मध्ये पदावरून जावे लागले. फौजदारी खटल्यापर्यंत पोचलेला एकटा माणूस होता तो कंपनीचा माजी मुख्य तांत्रिक वैमानिक, आणि २०२२ मध्ये ज्यूरीने त्याला निर्दोष ठरवले. प्रणाली लिहिणारे, मंजूर करणारे, वेळापत्रक ठरवणारे आणि विमान विकणारे असे पुष्कळ हात त्यात होते. प्रत्येक हाताने आपापल्या पुरते थोडे केले आणि संपूर्ण कर्म कोणाचेच राहिले नाही. गीतेतली पाच कारणे इथे एकेक करून दाखवता येतात. फक्त कर्त्याच्या जागी कोणी उभे राहायला तयार नव्हते.

गोव्यात हा प्रश्न डिचोलीने आधी अनुभवला. लोहखनिजाच्या खाणींनी तालुक्याला ट्रक, बार्ज, नोकऱ्या आणि पैसा दिला. त्याच खाणींच्या गाळाने शेते भरली आणि खोल खणलेल्या खड्ड्यांनी विहिरींचे पाणी ओढून घेतले. लइराई देवीची जत्रा भरते ते शिरगावही यातून सुटले नाही. २०१२ मध्ये बेकायदा खाणकामाची चौकशी करणाऱ्या शहा आयोगाच्या अहवालानंतर खाणी थांबल्या. २१ एप्रिल २०१४ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की खाणपट्ट्यांची मुदत नोव्हेंबर २००७ मध्येच संपली होती, म्हणजे नंतरचे सारे खोदकाम बेकायदा होते. विक्रीच्या रकमेचा दहावा हिस्सा पुढच्या पिढ्यांसाठी कायम निधीत ठेवण्याचा आदेशही त्यात होता. खनिज पुन्हा उगवत नाही. ते एका पिढीने विकले तर पुढच्या पिढीच्या वाट्याचे विकले जाते. न्यायालयाने अर्थव्यवहारात आणलेली ही कल्पना धर्मशास्त्रातल्या ऋणकल्पनेला फार जवळची आहे. तिच्यात देणे जन्मलेल्यांचे तसेच न जन्मलेल्यांचेही असते.

पेडण्यात मोप विमानतळाच्या वेळी प्रश्न हिशेबाच्या खरेपणाचा होता. पर्यावरण मंजुरीसाठी दिलेल्या माहितीत परिसरातल्या जंगलांची आणि पाणवठ्यांची नोंद नीट केली नव्हती, म्हणून सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०१९ मध्ये मंजुरी स्थगित केली. फेरतपासणीनंतर जानेवारी २०२० मध्ये जादा अटींसह काम पुढे जाऊ दिले. ११ डिसेंबर २०२२ रोजी विमानतळाचे उद्घाटन झाले. विमानतळ हवा की नको यावर पेडणेकरांत दोन मते होती आणि आहेत. न्यायालयाचा आक्षेप त्या वादाच्या अलीकडचा होता: सडा, झरे, झाडे यांची नोंद कागदावर खरी उतरली नव्हती. बांद्याच्या कुलकर्ण्याच्या दप्तराचा प्रश्नही हाच असे, की नोंद खरी की खोटी.

तालुक्यात तुये इथे इलेक्ट्रॉनिक्स उत्पादनासाठी वसाहत आखली गेली आहे. तंत्रज्ञान कंपन्यांचे प्रमुख या मुलखाला उद्या परके राहणार नाहीत. त्यांच्यापुढे जिवबादादांच्या काळापेक्षा एक गोष्ट वेगळी असेल. तोफ स्वतः नेम धरत नसे. आजची प्रणाली कर्ज कोणाला द्यायचे, नोकरीचा अर्ज कोणाचा बाजूला काढायचा, हे सुचवते आणि कित्येकदा ठरवतेही. निर्णय यंत्राने घेतला, हे उत्तर आताच ऐकू येऊ लागले आहे. गीतेच्या विश्लेषणात यंत्राची जागा करणांत आहे. करण कितीही कुशल झाले तरी ते कर्त्याच्या रकान्यात जात नाही, कारण त्याला आसक्ती नाही, पश्चात्ताप नाही आणि कोणापुढे उभे राहून जाब देण्याची क्षमताही नाही. म्हणून जितके निर्णय यंत्राकडे सोपवले जातील तितकी ते सोपवणाऱ्याची जबाबदारी वाढते: यंत्राला काय शिकवले, कोणावर त्याचा परिणाम होणार होता आणि चुकीची दाद कोणाकडे मागायची, हे त्याने आधी लिहून ठेवायला हवे. संचालक मंडळाची मंजुरी किंवा कायद्याची किमान पूर्तता एवढ्याने हे काम भागत नाही. मोपच्या प्रकरणात मंजुरी होतीच.

सामूहिक कर्माचे पाप वाटले जाते का, हा प्रश्न मात्र शास्त्रांनीही पूर्ण सोडवलेला नाही. राजाला प्रजेच्या पापपुण्याचा वाटा मिळतो, असे स्मृती सांगतात आणि हा वाटा बहुधा सहावा मानतात. कर सहाव्या हिश्शाचा होता म्हणून तो आला असावा. ज्याच्याकडून जितके घेतले त्याच्या कर्माचे तितके ओझे, हा त्यामागचा विचार. कंपनीप्रमुखाचे वेतन, त्याचे भागभांडवल आणि त्याच्या हाती असलेला निर्णयाचा अधिकार यांच्या प्रमाणात त्याच्या पदरी कर्माचा वाटा मोजायचा झाला, तर स्मृतिकारांचे हे गणित आजही वापरता येण्याजोगे आहे. सामान्य कर्मचाऱ्याच्या माथी पडणारा वाटा त्यात लहान राहतो आणि सर्वांत वरच्याचा सर्वांत मोठा. नुकसानीच्या चौकशांत सध्या बहुतेक वेळा याच्या उलट घडते.